नाओमी उएमुरा: डेनालीवर हरवलेल्या ध्रुवयात्रीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गडावरच्या मुक्कामात जेवणं उरकली, की मी बरेचदा उएमुराची गोष्ट सांगतो. गोष्ट संपली की प्रश्न सुरू होतात आणि गंमत म्हणजे माणसं बदलली तरी प्रश्न तेच राहतात. अंधारात, पेंगुळलेल्या डोळ्यांनी दिलेली उत्तरं अर्धवट राहतात, म्हणून इथे सगळी नीट लिहून ठेवली आहेत. काही उत्तरं लांबली आहेत. ती आटोपती घ्यावीत असं मला वाटलं नाही.

हा उएमुरा नेमका कोण?

जपानचा गिर्यारोहक आणि ध्रुवयात्री. जन्म 12 फेब्रुवारी 1941, ह्योगो प्रांतातल्या एका शेतकऱ्याच्या घरी. सात भावंडांतलं शेंडेफळ. उंची जेमतेम सव्वापाच फूट. टोकियोच्या मेइजी विद्यापीठाच्या गिर्यारोहण क्लबात दाखल झाला, तेव्हा पहिल्याच शिबिरात इतक्या वेळा धडपडला, की मित्रांनी त्याचं नाव ‘डोंगुरी’ ठेवलं. डोंगुरी म्हणजे ओकचं गडगडत जाणारं फळ.

हाच डोंगुरी 11 मे 1970 रोजी तेरुओ मात्सुउरासोबत एव्हरेस्टवर उभा राहिला. तिथे पोचलेले ते पहिले जपानी. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये त्यानं अलास्कातली डेनाली एकट्यानं चढली. मों ब्लां, किलिमांजारो आणि अकोंकाग्वा आधीच झाले होते. त्यामुळे पाच खंडांची सर्वोच्च शिखरं गाठणारा पहिला माणूस म्हणून वयाच्या 29 व्या वर्षी त्याचं नाव झालं (युरोपसाठी तेव्हा मों ब्लां धरत). मध्येच 1968 मध्ये त्यानं तराफ्यावरून एकट्यानं अॅमेझॉन नदीचा सुमारे 6,000 किलोमीटरचा प्रवास केला होता.

पण त्याची खरी ओळख बर्फाच्या सपाटीवरची आहे. 1974 ते 1976 या काळात ग्रीनलंडपासून अलास्कापर्यंत कुत्र्यांच्या स्लेजवरून 12,000 किलोमीटर. मग 1978 मध्ये एकट्यानं उत्तर ध्रुव, आणि त्याच उन्हाळ्यात ग्रीनलंडची उत्तर-दक्षिण सफर.

नाओमी हे मुलीचं नाव नाही का?

आपल्या कानाला तसं वाटतं खरं. त्याचं नाव ज्या दोन जपानी अक्षरांत लिहितात, ते पुरुषाचं नाव आहे. बायबलमधल्या नाओमीशी त्याचा संबंध नाही.

तो नाहीसा कसा झाला? क्रमानं सांगा.

1984 च्या जानेवारीच्या अखेरीस लोवेल थॉमस ज्युनिअर या वैमानिकानं त्याला काहिल्टना हिमनदीवर उतरवलं. बेस कॅम्पची ही जागा साधारण 7,200 फुटांवर आहे. 1 फेब्रुवारीच्या सुमारास तो वर निघाला. वाट नेहमीची, वेस्ट बट्रेसची. उन्हाळ्यात, म्हणजे मे ते जुलैमध्ये, डेनाली चढणारे बहुतेक लोक याच वाटेनं जातात. फेब्रुवारीत तिथे तो एकटाच होता.

सुमारे 14,000 फुटांवर त्यानं बर्फात गुहा खोदून मुक्काम केला. वरचा टप्पा हलकं होऊन करायचा म्हणून तिथे बरंचसं सामान ठेवलं, डायरीसुद्धा. मग पुढे गेला.

12 फेब्रुवारीला त्याचा 43 वा वाढदिवस होता. त्याच दिवशी संध्याकाळी 6 वाजून 50 मिनिटांनी तो शिखरावर पोचला. हिवाळ्यात डेनालीच्या माथ्यावर एकट्यानं पोचलेला तो पहिला माणूस. फेब्रुवारीच्या मध्यावर तिथला दिवस जेमतेम नऊ तासांचा असतो, तेव्हा परतीची सुरुवात अंधारातच झाली असणार.

दुसऱ्या दिवशी, 13 तारखेला, डोंगरावरून घिरट्या घालणाऱ्या विमानातल्या जपानी छायाचित्रकारांशी तो रेडिओवर बोलला. काल माथा गाठला, आता 18,000 फुटांपर्यंत उतरलोय, असं त्यानं सांगितलं. दोनेक दिवसांत बेस कॅम्पला पोचायचा त्याचा बेत होता. त्याचा आवाज कुणी ऐकला तो तेवढाच. वर वारा सुटला होता आणि तापमान उणे 45 अंश सेल्सिअसच्या आसपास होतं.

त्यानंतर विमानातून एकदा तो 16,600 फुटांच्या सुमारास दिसल्याची नोंद आहे. मग हवा बिघडली. 20 तारखेला आभाळ मोकळं झालं, तेव्हा डोंगर रिकामा होता.

ध्रुवावर रमणारा माणूस भर हिवाळ्यात डोंगर चढायला का गेला?

कारण त्याचं मन अंटार्क्टिकात होतं. कुत्र्यांच्या स्लेजवरून तो खंड पार करायचा आणि वाटेत तिथलं सर्वोच्च शिखर विन्सन एकट्यानं चढायचं, हे त्याचं कित्येक वर्षांचं स्वप्न. अर्जेंटिनाच्या लष्करानं मदत देऊ केली होती आणि 1982 मध्ये तो त्यांच्या अंटार्क्टिकातल्या तळावर जाऊन राहिलासुद्धा. एप्रिलमध्ये फॉकलंड बेटांवरून अर्जेंटिना आणि ब्रिटनचं युद्ध पेटलं. युद्ध जूनमध्ये संपलं, पण वर्षअखेरीस लष्करानं मदत करायला असमर्थता कळवली. सगळी तयारी झालेली, कुत्री तिथे, स्लेज तिथे, आणि माणूस महिनोन् महिने समोरच्या बर्फाकडे बघत बसलेला. त्याच्या आयुष्यातला मला सगळ्यात जड वाटणारा काळ हाच. अस्वलाची गोष्ट (ती पुढे येते) सगळे आवडीनं सांगतात. या वाट बघण्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

तिथून परतल्यावर तो 1983 च्या शरद ऋतूत अमेरिकेतल्या मिनेसोटाला गेला. होक्काइदोमध्ये मुलांसाठी निसर्गशाळा काढायचं त्यानं ठरवलं होतं आणि तशी शाळा कशी चालवतात हे त्याला शिकायचं होतं. तिथूनच पुढे अलास्का. अंटार्क्टिकाची आशा सुटलेली नव्हती, आणि थंडी, एकटेपणा, हलकं सामान या सगळ्याची परीक्षा घ्यायला हिवाळ्यातल्या डेनालीसारखी दुसरी जागा नव्हती.

डेनाली एव्हरेस्टपेक्षा अडीच हजार मीटरनं बुटकी आहे. मग एवढं अवघड काय?

उंची 6,190 मीटर, हे बरोबर. पण ती 63 अंश उत्तर अक्षांशावर आहे. विषुववृत्ताकडे हवेचा थर जाड असतो आणि ध्रुवांकडे तो पातळ होत जातो. त्यामुळे हिमालयात त्याच उंचीवर मिळतो त्यापेक्षा कमी प्राणवायू डेनालीवर मिळतो. हिवाळ्यात हवेचा दाब आणखी उतरतो.

त्याहून वाईट म्हणजे वारा. माथ्याखाली 18,200 फुटांवर डेनाली पास नावाची खिंड आहे. नळीतून पाणी सुटावं तसा तिथून वारा सुटतो. 1967 मध्ये हिवाळ्यातली पहिली यशस्वी चढाई झाली. आर्ट डेव्हिडसन, रे जेनेट आणि डेव्ह जॉन्स्टन हे तिघं माथ्यावर पोचले. उतरताना याच खिंडीत वादळानं गाठलं आणि बर्फाच्या बिळात त्यांना सहा दिवस अडकून पडावं लागलं. त्या मोहिमेतला आणखी एक जण, झाक बात्कँ, तर सुरुवातीलाच हिमनदीच्या भेगेत पडून गेला होता.

1989 च्या फेब्रुवारीत नोबोरु यामादा आणि त्याचे दोन साथीदारही इथेच गेले. यामादा त्या काळच्या जपानमधल्या सर्वोत्तम हिमालयीन गिर्यारोहकांपैकी एक होता. म्हणजे नवशिक्यांची फजिती असा हा प्रकार नाही.

फोटोत त्याच्या अंगाला बांबू बांधलेले का दिसतात?

हिमनदीत खोल भेगा असतात. गिर्यारोहक त्यांना क्रेव्हास म्हणतात. ताज्या बर्फाचा पापुद्रा वर धरला की त्या दिसत नाहीत. दोघंतिघं असले की एकमेकांना दोरानं बांधून चालतात. एक पडला तर बाकीचे तोल देऊन धरतात. एकट्याला कोण धरणार? म्हणून उएमुरानं लांब बांबू खांद्यावरून अंगाला आडवे बांधले. पाय खाली गेला तर बांबू भेगेच्या दोन्ही कडांवर अडकतील आणि आपण लोंबकळत राहू, हा हिशोब. डायरीवरून दिसतं, की तो भेगांत सापडला होता आणि या बांबूंनी आपलं काम केलं होतं.

वर खडी चढण लागली की भेगांची भीती कमी होते आणि बांबू वाऱ्यात अडचणीचे ठरतात, म्हणून ते त्यानं खाली ठेवले. त्यात निष्काळजीपणा नव्हता.

त्यानं तंबू का नेला नाही?

पाठीवरचं ओझं सुमारे 18 किलोवर ठेवायचं त्यानं ठरवलं होतं. जिथे थांबायचं तिथे बर्फात गुहा खोदायची, तंबू नको. अन्न गरम करत बसायचं नाही, म्हणजे इंधन कमी लागेल. कॅरिबूचं, म्हणजे उत्तरेकडच्या रेनडिअर हरणाचं, कच्चं मांस थंडच खायचं.

हे ऐकून लोकांना वेडेपणा वाटतो. पण त्याची शाळा लक्षात घ्या. 1972 पासून तो वायव्य ग्रीनलंडमधल्या सियोरापालुक या अगदी टोकाच्या वस्तीत इनुइट लोकांमध्ये जाऊन राहिला होता. एका वृद्ध जोडप्यानं त्याला मुलगाच मानलं. कुत्री हाकायची कशी, कातड्याचे कपडे कसे घालायचे, बर्फाचा रंग पाहून जाडी कशी ओळखायची, हे सगळं तो त्यांच्याकडून शिकला. समुद्रपक्षी सीलच्या कातड्यात भरून, शिवून, दगडांखाली महिनोन् महिने आंबवतात, त्याला किव्हियाक म्हणतात. तेही तो मिटक्या मारत खायचा. जगायचं कसं हे तिथे राहणाऱ्या माणसाला विचारावं, इतका साधा त्याचा मार्ग होता. मला तो या एका गोष्टीसाठी फार मोठा वाटतो. त्याच्याआधी कित्येक युरोपीय मोहिमा याच लोकांच्या शेजारून गेल्या आणि आपल्याच पद्धतीनं मेल्या.

मात्र सियोरापालुक समुद्रकाठी आहे आणि डेनालीचा वरचा भाग हवेत. तिथला बर्फ वाऱ्यानं दगडासारखा टणक होतो, गुहा खोदताना दमछाक होते, ओलसर झालेली स्लीपिंग बॅग वाळत नाही. सपाटीवरचं शहाणपण उंचीवर किती पुरतं, हा प्रश्न मला वर्षानुवर्षं सतावतो आहे.

शोध लगेच का सुरू केला नाही?

याचं उत्तर देताना मला नेहमी वाईट वाटतं. हवा वाईट होती, हे एक कारण. दुसरं कारण त्याचं नाव. उएमुरा म्हणजे कुठूनही परत येणारा माणूस, असा सगळ्यांचा विश्वास बसला होता. त्याला सोडवायला माणसं पाठवली तर तो दुखावेल, अशी भीती लोकांना वाटली. त्याच्याकडचं अन्न संपत आलं असणार हे कळत असूनही थांबले. हा कुणाचा दोष म्हणून मी सांगत नाही. तिथे असतो तर मीही कदाचित थांबलो असतो.

20 फेब्रुवारीनंतर दोन अनुभवी गिर्यारोहकांना 14,000 फुटांवर उतरवण्यात आलं: अमेरिकेचा जिम विकवायर आणि जपानचा एइहो ओतानी. पुन्हा वादळ आलं तरी ते 26 तारखेपर्यंत वर राहिले. त्यांना गुहा सापडली, डायरी सापडली. माणूस सापडला नाही. मागाहून मेइजी विद्यापीठातले त्याचे जुने सोबती जपानहून आले. त्यांना 17,200 फुटांवर त्याचं बरंचसं सामान मिळालं.

डायरीत काय आहे?

ती पुढे जपानीत आणि इंग्रजीतही छापली गेली. मोठमोठे विचार त्यात नाहीत. थंडी किती, मांस कसं गोठून दगड झालंय, बॅग कशी ओली आहे, भेगेत कसा पडलो, आणि मन थाऱ्यावर ठेवायला कुठली गाणी म्हणतो आहे. शेवटच्या नोंदीत, उबदार स्लीपिंग बॅगेत झोपायला मिळावं असं तो म्हणतो, आणि लगेच पुढे, काहीही झालं तरी मॅकिन्ली चढणारच. (डेनालीचं तेव्हाचं अधिकृत नाव माउंट मॅकिन्ली. 2015 मध्ये अमेरिकी सरकारनं डेनाली केलं आणि 2025 मध्ये पुन्हा मॅकिन्ली. अलास्कातले मूळ लोक पिढ्यान् पिढ्या डेनालीच म्हणत आले, म्हणून मीही तेच वापरतो.)

मग नेमकं झालं काय असेल?

दोन शक्यता बहुतेकांना पटतात. पहिली: 17,200 फुटांवरच्या मुक्कामापासून खाली येताना एक अरुंद धार लागते, आणि तिच्या टोकाला 16,200 फुटांपासून खाली कडा उतरतो. दमलेला, उपाशी माणूस तिथून घसरला किंवा वाऱ्यानं उचलला गेला आणि वर नवा बर्फ पडला. दुसरी: खालच्या हिमनदीवरच्या एखाद्या भेगेत पडला. तेव्हा बांबू अंगावर नव्हते.

मला पहिली जास्त पटते, आणि त्याचं कारण 14,000 फुटांवरची ती गुहा. तिथे त्याचं सामान होतं. तिथवर पोचला असता तर त्यानं ते उचललं असतं. ते जिथल्या तिथे होतं.

तो शिखरावर खरंच पोचला होता का?

हो. त्यानं ठेवलेला जपानी झेंडा नंतर वर गेलेल्या गिर्यारोहकांना माथ्यावर मिळाला.

त्याला माणसं नकोशी होती का? एकटाच का जायचा?

उलट आहे. तो माणसांत लाजरा होता, पण माणूसघाणा अजिबात नव्हता.

1965 मध्ये मेइजी विद्यापीठाची मोहीम नेपाळमध्ये गोजुंबा कांगवर गेली. उएमुरा तेव्हा फ्रान्समध्ये पोटापाण्यासाठी कामं करत होता, तो मागाहून येऊन मिळाला. शिखरावर मात्र पेंबा तेनझिंग शेर्पासोबत तोच पोचला आणि नाव त्याचं झालं. बाकीच्यांनी महिनोन् महिने राबून वाट केली आणि हार आपल्या गळ्यात पडला, याचा त्याला संकोच वाटला. तेव्हापासून, जे करायचं ते आपल्या हिमतीवर, असं त्यानं मनाशी धरलं.

1971 मध्ये एव्हरेस्टवरच्या आंतरराष्ट्रीय मोहिमेत तो होता. आपल्याकडच्या वाचकांना ही मोहीम वेगळ्या कारणानं आठवेल: मेजर हर्ष बहुगुणा 18 एप्रिलला वादळात सापडून तिथेच गेले. पुढे त्या संघात देशादेशांत भांडणं झाली, काही लोक सोडून गेले. उएमुरा आणि त्याचा जपानी साथी रेइझो इतो मात्र तक्रार न करता दुसऱ्यांसाठी ओझी वाहत राहिले. 1981 च्या हिवाळ्यात तो स्वतः एव्हरेस्ट मोहिमेचा नेता होता. त्यात एक सहकारी गेला आणि मोहीम परतली. एकट्यानं गेलं की आपल्या चुकीची किंमत दुसऱ्याला मोजावी लागत नाही, हेही त्याच्या मनात असावं असं मला वाटतं.

1978 मध्ये विमानानं सामान टाकलं होतं म्हणे. मग तो ‘एकटा’ कसा?

रास्त प्रश्न आहे. कॅनडाच्या एल्समेअर बेटावरच्या केप कोलंबियावरून तो मार्चच्या पहिल्या आठवड्यात निघाला आणि एप्रिलच्या अखेरीस ध्रुवावर पोचला. वाटेत विमानानं रसद मिळाली, उपग्रहाला ठावठिकाणा कळवणारं यंत्रही स्लेजवर होतं. त्यानं हे कधी लपवलं नाही. बर्फावर माणूस मात्र तो एकच, सोबतीला कुत्री. बाहेरची काहीही मदत न घेता एकट्यानं उत्तर ध्रुव गाठायला 1994 उजाडावं लागलं. तो मान नॉर्वेच्या बोर्गे औसलंडचा.

आणि अस्वलाची गोष्ट?

खरी आहे. निघाल्यावर चौथ्या दिवशी पांढरं अस्वल तळावर आलं, अन्न फस्त केलं, तंबू फाडला आणि स्लीपिंग बॅगेला नाक लावून हुंगू लागलं. बॅगेत उएमुरा श्वास रोखून निपचित पडला होता. अस्वल निघून गेलं. दुसऱ्या दिवशी ते परत आलं, तेव्हा मात्र त्यानं बंदूक तयार ठेवली होती.

याहून मला दुसरा प्रसंग जास्त हलवतो. पस्तिसाव्या दिवशी आजूबाजूचा बर्फ कडकडत फुटला आणि तो कुत्र्यांसह एका तरंगत्या तुकड्यावर अडकला. रात्रभर काही करण्यासारखं नव्हतं. सकाळी जेमतेम मीटरभर रुंदीचा बर्फाचा पूल दिसला. त्यावरून सगळ्यांना पळवत पार केलं.

त्याच्या घरी कोण होतं?

पत्नी किमिको. 1974 मध्ये लग्न झालं आणि त्याच वर्षाच्या शेवटी तो 12,000 किलोमीटरच्या वाटेला लागला. ‘जिवंत परत येणं म्हणजे साहस’ हे उएमुराचं म्हणून जपानमध्ये घरोघरी माहीत असलेलं वाक्य. तो हरवल्यावर किमिकोंनी पत्रकारांसमोर त्याचीच आठवण काढली: एवढं ऐटीत सांगायचास आणि स्वतःच असं केलंस, अशा अर्थाचं त्या बोलल्या. रागावलेल्या बायकोचं ते बोलणं आहे. त्याला ‘पर्वताच्या कुशीत चिरनिद्रा’ वगैरे म्हणणाऱ्यांनी ते आधी ऐकावं.

असे हरवलेले आणखी कुणी?

आहेत. फ्रान्समध्ये जन्मलेली आणि फिनलंडच्या लॅपलंडमध्ये स्थायिक झालेली दोमिनिक आर्दुएँ मार्च 2004 मध्ये रशियाच्या बाजूनं उत्तर ध्रुवाकडे एकटी निघाली आणि पहिल्या काही दिवसांतच संपर्क तुटला. ती सापडली नाही. जपानचा ह्योइची कोनो 2001 मध्ये उत्तर ध्रुवावरून पायी घराकडे निघाला होता. कॅनडाच्या किनाऱ्याजवळच्या बर्फात त्याचा मृतदेह मिळाला.

हिवाळ्यात डेनाली एकट्यानं चढून कुणी परत आलं का?

1988 मध्ये व्हर्न तेजास परत आला. भेगांसाठी त्यानं अंगाभोवती शिडी बांधली होती, बांबूचीच कल्पना. भर जानेवारीत एकट्यानं माथा गाठून परतण्याचं काम 2015 मध्ये लॉनी डुप्रे या ध्रुवयात्रीनं केलं.

आम्हीही सह्याद्रीत एकट्यानं जावं का?

हा प्रश्न मला दरवेळी विचारतात आणि दरवेळी माझं उत्तर एकच असतं. उएमुरानं ध्रुवावर जाण्याआधी काही वर्षं बर्फावर राहणाऱ्यांकडे शिकण्यात घालवली. तुम्ही ज्या घाटवाटेनं जाणार आहात, तिच्या पायथ्याच्या वाडीत एक रात्र तरी राहिला आहात का? राहिला नसाल तर आधी तिथे जा. तिथल्या माणसाला सोबत घ्या, आणि कधी परतणार ते घरी सांगून निघा.

त्याच्याशी जोडलेलं काय काय पाहता येतं?

जन्मगावी, ह्योगो प्रांतातल्या तोयोओका शहराच्या हिदाका भागात, त्याचं संग्रहालय आहे. टोकियोच्या इताबाशी भागात तो राहत असे, तिथेही एक आहे. 1984 च्या एप्रिलमध्ये जपान सरकारनं त्याला मरणोत्तर राष्ट्रीय सन्मान दिला आणि 1996 पासून त्याच्या नावानं दरवर्षी साहसी कामासाठी पुरस्कार दिला जातो. ग्रीनलंडच्या सफरीत तो जिथे थांबला, त्या बर्फातून वर आलेल्या खडकाळ शिखराला त्याचं नाव आहे.

आणि ज्यासाठी तो मिनेसोटाला शिकायला गेला होता, ती निसर्गशाळा होक्काइदोमधल्या ओबिहिरोत 1985 मध्ये सुरू झाली.